गेम काढल्यावर मागे काय उरते, हे दाखवणारे साधन : विझट्री

अक्षरजुळणीचे काम मी गेली अनेक वर्षे घरून करते. दिवाळी अंकांच्या धांदलीत, सप्टेंबरमधल्या एका रात्री, १६८ पानांच्या अंकाची पीडीएफ तयार होता होता मध्येच अडली आणि डिस्कवर जागा शिल्लक नसल्याची सूचना पडद्यावर आली. माझ्या लॅपटॉपला ५१२ जीबीचा एकच एसएसडी (फिरती तबकडी नसलेला ड्राइव्ह) आहे आणि त्यावर माझे काम आणि अकरावीत शिकणाऱ्या मुलाचे गेम असे दोन्ही संसार नांदतात. सकाळी अंक छापखान्यात जायचा होता. मुलाने माझी अडचण पाहिली आणि एक शब्दही न बोलता आपले तीन मोठे गेम काढून टाकले. पीडीएफ झाली, अंक वेळेवर गेला.

दुसऱ्या दिवशी निवांतपणे हिशेब मांडला, तेव्हा तो जुळेना. ५१२ जीबीचा ड्राइव्ह विंडोजमध्ये सुमारे ४७६ जीबी दिसतो. त्यात कोणी फसवत नाही. उत्पादक १०० कोटी बाइटचा एक जीबी धरतात आणि विंडोज जवळजवळ १०७ कोटी ३७ लाख बाइटचा, एवढाच तो फरक. माझ्या कामाच्या फाइली, फाँट आणि छायाचित्रे मिळून ९० जीबी, विंडोज आणि जुळणीची सॉफ्टवेअर मिळून ७० जीबी, म्हणजे एकूण वापर १६० जीबीच्या आसपास असायला हवा होता. प्रत्यक्षात तो २४० जीबी होता. गेम तर गेले होते, मग हे ८० जीबी कोणाचे? ओळखीच्या एका दुरुस्तीच्या दुकानात विचारले, तर एक टीबीचा नवा ड्राइव्ह बसवून घ्या, असा सल्ला मिळाला. आत काय आहे ते न पाहता मोठे कपाट घ्यावे, हे काही माझ्या मनाला पटले नाही. त्याच आठवड्यात छापखान्यातल्या एका सहकाऱ्याने विझट्री या साधनाचे नाव सांगितले. गेले काही महिने मी ते नियमितपणे वापरते आहे आणि ज्यांच्या घरी एकाच संगणकावर काम आणि गेम दोन्ही चालतात, त्यांच्यासाठी हे परीक्षण लिहीत आहे.

विझट्री हे विंडोजसाठीचे छोटेसे साधन अँटिबॉडी सॉफ्टवेअर या कंपनीने तयार केले आहे. घरगुती वापरासाठी ते मोफत आहे. देणगीसाठीचे एक बटण वर दिसत राहते, पण त्यावाचून काही अडत नाही. व्यवसायात वापरायचे असेल तर परवाना घ्यावा लागतो. संगणकात न बसवता नुसते एका फोल्डरमध्ये उघडून चालवता येईल, अशी त्याची प्रतही मिळते आणि मला तीच सोयीची वाटली, कारण ज्या ड्राइव्हवर जागाच उरलेली नाही, त्यावर आणखी एक सॉफ्टवेअर बसवायचे जिवावर येते.

त्याचा वेग पहिल्यांदा पाहिला, तेव्हा काहीतरी चुकले असावे, असेच मला वाटले. माझ्या ड्राइव्हवर चार लाखांच्या आसपास फाइली आहेत आणि त्या सगळ्यांचा आकार त्याने सहा-सात सेकंदांत पडद्यावर मांडला. एखाद्या फोल्डरचा आकार आपण प्रॉपर्टीजमध्ये विचारतो, तेव्हा विंडोज आतल्या प्रत्येक उपफोल्डरात शिरून एकेक फाइल मोजते, आणि म्हणून मोठ्या फोल्डरचा आकडा कितीतरी वेळ वाढतच राहतो. विझट्री तसे करत नाही. विंडोज सहसा वापरते त्या एनटीएफएस पद्धतीच्या ड्राइव्हवर मास्टर फाइल टेबल नावाची एक नोंद असते, जिच्यात प्रत्येक फाइलचे नाव, आकार आणि ठिकाण लिहिलेले असते; हे साधन थेट तीच वाचते. ग्रंथालयातली पुस्तके मोजण्यासाठी कपाटे उघडत बसण्याऐवजी दाखल नोंदवही काढून वाचावी, तसा हा प्रकार आहे. ती नोंदवही वाचण्यासाठी प्रशासकाची परवानगी लागते, म्हणून सुरू होताना विंडोज एकदा विचारते. कार्यालयातल्या ज्या संगणकांवर ही परवानगी आपल्या हाती नसते, तिथे विझट्री चालते, पण मग तेही फोल्डर-फोल्डर फिरू लागते आणि वेग उरत नाही. एक्सफॅट पद्धतीच्या पेन ड्राइव्हवरही हेच घडते.

मोजणी झाल्यावर डावीकडे फोल्डरांची यादी येते, सर्वांत मोठे सर्वांत वर, आणि प्रत्येकासमोर त्याने व्यापलेला टक्का. खाली मात्र सगळा ड्राइव्ह एका रंगीत नकाशासारखा पसरलेला असतो. जितकी फाइल मोठी, तितका तिचा चौकोन मोठा. एका फोल्डरातले चौकोन एकमेकांना चिकटून. आणि रंग फाइलच्या प्रकारानुसार. या नकाशाला ट्रीमॅप म्हणतात, आणि त्याचा जन्म माझ्यासारख्याच अडचणीतून झाला, हे वाचून मला फार बरे वाटले. १९९० साली अमेरिकेतल्या मेरीलँड विद्यापीठात बेन श्नायडरमन यांच्या प्रयोगशाळेतली ८० एमबीची हार्ड डिस्क १४ जणांत वाटून वापरली जात होती आणि ती भरली होती. कोणाच्या कोणत्या फाइलने जागा खाल्ली, हे एका दृष्टिक्षेपात कळावे, म्हणून त्यांनी ही मांडणी शोधली. आमच्या घरी चौदा जण नाहीत, दोघेच आहोत, पण प्रश्न तोच होता.

माझ्या पडद्यावर त्या दिवशी उजव्या कोपऱ्यात एक सलग, भला मोठा चौकोन होता. आजूबाजूला माझ्या छायाचित्रांची बारीक नक्षी, विंडोजच्या फाइलींची त्याहून बारीक भुकटी, आणि त्यांच्यात हा एकच एकसंध तुकडा. त्यावर माउस नेला, तर ३४ जीबीची एकच फाइल. मुलाला हाक मारली. तो जवळ आला, वाकून नाव वाचले आणि म्हणाला, ‘‘आई, हा इम्युलेटर आहे. पण त्यातले गेम मी कधीच काढले.’’ ते खरेच होते. फोनवरचे गेम संगणकावर खेळण्यासाठी जो अँड्रॉइड इम्युलेटर त्याने बसवला होता, तो आपल्या पोटात एक आभासी डिस्क बाळगतो. गेम बसवले की ही डिस्क फुगते, पण आतला गेम काढल्यावर ती आपोआप आकसत नाही. आतून पाहणाऱ्याला जागा रिकामी दिसते आणि बाहेर विंडोजसाठी मात्र ती ३४ जीबीची फाइल जशीच्या तशी असते. अशा वेळी इम्युलेटरच्याच सेटिंगमध्ये डिस्क आवळण्याची सोय आहे का, ते आधी पाहावे. आमच्याकडे तो वर्षभर कोणी उघडला नव्हता, म्हणून आम्ही तो अख्खाच काढला.

दुसरा मोठा ठिपका व्हिडिओंच्या फोल्डरात सापडला. ग्राफिक्स कार्डाचे सॉफ्टवेअर आणि विंडोजची गेम बार, दोन्ही खेळताना चित्रफीत टिपू शकतात आणि त्या चित्रफिती गेमच्या फोल्डरात न जाता वापरकर्त्याच्या व्हिडिओ फोल्डरात साठतात. गेम काढणाऱ्याच्या नजरेला त्या पडत नाहीत, कारण गेमच्या दृष्टीने त्या त्याच्या नाहीतच. अशा २१ जीबीच्या चित्रफिती निघाल्या. त्यातल्या चार-पाच मुलाने ठेवल्या, उरलेल्या त्याने स्वतः बसून पुसल्या.

तिसरी जागा स्टीमच्या, म्हणजे गेम विकणाऱ्या आणि उतरवून देणाऱ्या सॉफ्टवेअरच्या, फोल्डरात होती. तीनपैकी एका गेममध्ये मुलाने बाहेरून मॉड, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या जादा फाइली, आणून हाताने टाकले होते. स्टीम गेम काढते, तेव्हा ते स्वतः उतरवलेल्या फाइली काढते. आपण मागाहून टाकलेले तिच्या नोंदीत नसते, म्हणून ते तसेच राहते. स्टीमॲप्स या फोल्डराच्या आत कॉमन नावाचे फोल्डर असते आणि त्यात प्रत्येक गेमचे एक घर. लायब्ररीतून गेम नाहीसा झाला होता, पण त्याचे घर जागेवर होते आणि आत ११ जीबीचे मॉड होते. याशिवाय डाउनलोड फोल्डरात जुन्या सेटअप फाइली ९ जीबी, आणि शेडर कॅश, म्हणजे चित्रे लवकर उमटावीत म्हणून ग्राफिक्स कार्डाने साठवलेली तयार माहिती, व गेम कोसळल्यावर तयार झालेल्या नोंदींच्या फाइली मिळून ४ जीबी. सगळे धरून ७९ जीबी झाले. हिशेब जुळला, आणि जुळणीचे काम करणाऱ्या बाईला हिशेब जुळल्याचा आनंद काय असतो, ते वेगळे सांगायला नको.

इथपर्यंतचे काम सोपे होते. खरी काळजी यानंतर घ्यावी लागली. याच तपासात ॲपडेटाच्या रोमिंग फोल्डरात ठोकळे रचून जग बांधायच्या माइनक्राफ्ट या गेमचे फोल्डर दिसले. त्या गेमची जावा आवृत्ती मुलाने वर्षभरापूर्वीच काढली होती, त्यामुळे हेही एक उरलेले लटांबर आहे, अशी माझी खात्री झाली. फोल्डर निवडले, डिलीटच्या कळीवर बोट नेले आणि निव्वळ सवयीने, पुसण्याआधी एकदा आत पाहावे म्हणून, ते उघडले. आत सेव्ह्ज नावाचे फोल्डर, आणि त्यात आणखी एक, ‘राजगड’.

मुलगा सातवीत असताना दिवाळीच्या सुट्टीत त्याने इमारतीच्या आवारात मातीचा किल्ला केला नव्हता, म्हणून मी रागावले होते. त्याने तो किल्ला या गेममध्ये बांधला होता. पद्मावती, सुवेळा आणि संजीवनी या तिन्ही माच्या, मध्ये उंच बालेकिल्ला, आणि पायथ्यापासून वर चढत जाणारी वाट. पुढे दोन वर्षे तो त्यात भर घालत राहिला होता. हे सगळे बांधकाम त्या एका फोल्डरात होते आणि दुसरीकडे कुठेही नव्हते, कारण जावा आवृत्तीतले असे एकट्याने खेळायचे जग आपोआप क्लाउडवर जात नाही. ते जेमतेम ९०० एमबीचे होते. ८० जीबीच्या शोधात निघालेली मी ९०० एमबीच्या त्या फोल्डरावरून हात फिरवून पुढे गेले असते, तर तो किल्ला गेला असता.

विझट्रीचा गुण आणि त्याची मर्यादा, दोन्ही याच ठिकाणी दिसतात. हे साधन आकार दाखवते, मोल दाखवत नाही. काय पुसले तर चालेल, याबद्दल ते एक अक्षरही बोलत नाही. बाजारात अशी अनेक सॉफ्टवेअर आहेत, जी एका बटणात संगणक साफ करून देण्याचे आश्वासन देतात. त्यांच्या तुलनेत विझट्रीचे हे मौन मला अधिक प्रामाणिक वाटते. मात्र ते समजून वापरले पाहिजे. डिलीटची कळ दाबल्यावर फाइल रीसायकल बिनमध्ये जाते आणि तिथे असेपर्यंत जागा सुटत नाही, ही एका अर्थी आपली सोय आहे. मी बिन लगेच रिकामे करत नाही. आठवडाभर संगणक नेहमीसारखा चालू देते, मुलाला विचारते, आणि मगच रिकामे करते. शिफ्टसह डिलीट केले, तर हा आधार उरत नाही. एसएसडीवर तर पुसलेली फाइल परत मिळवण्याची आशा जवळजवळ ठेवूच नये, कारण ट्रिम नावाच्या व्यवस्थेमुळे मोकळा झालेला भाग ड्राइव्ह स्वतःच लवकर साफ करून टाकतो. जुन्या हार्ड डिस्कवर फाइल परत मिळवून देणारे जे प्रयोग चालत, ते इथे बहुधा चालत नाहीत.

विंडोजच्या स्वतःच्या फोल्डरात या साधनातून काहीही पुसू नये. तिथे विनएसएक्सएस नावाचे मोठे फोल्डर दिसते आणि मोह होतो, पण ते विंडोजच्या घटकांचे कोठार आहे. सी ड्राइव्हच्या मुळाशी हायबरफिल नावाची काही जीबीची फाइल दिसते. ती हायबरनेशनसाठी, म्हणजे चालू काम डिस्कवर साठवून संगणक बंद करण्याच्या सोयीसाठी, असते आणि नको असेल तर हायबरनेशन बंद करावे लागते, म्हणजे ती आपोआप जाते. तात्पुरत्या फाइली आणि अपडेटनंतर उरलेली जुनी विंडोज काढायची, तर सेटिंगमधील स्टोरेजच्या पानावरूनच काढावी. शेडर कॅशही विंडोजच्या डिस्क क्लीनअपमधून सुरक्षितपणे जाते.

गेम काढण्याचे मुख्य काम विझट्रीने करू नये, हेही इथेच स्पष्ट सांगते. काही वर्षांपूर्वी मी एका गेमचे फोल्डर हातानेच पुसले होते. फाइली गेल्या, पण प्रोग्रॅमच्या यादीत त्याचे नाव तसेच राहिले, आणि ते काढायला गेले की काढण्याची फाइलच सापडत नाही, असे उत्तर येई. अखेर तो गेम पुन्हा उतरवून, पुन्हा बसवून, रीतसर काढावा लागला. तेव्हापासून क्रम असा ठेवला आहे की गेम ज्या दाराने आला, त्याच दाराने त्याला बाहेर काढायचे. स्टीमवरचा असेल तर स्टीममधून, एपिकचा असेल तर एपिकच्या लाँचरमधून, मायक्रोसॉफ्ट स्टोअरचा असेल तर विंडोजच्या सेटिंगमधून. विझट्री उघडायचे ते त्यानंतर, मागे काय राहिले हे पाहण्यासाठी.

यात स्टीमची सोय मला सगळ्यांत चांगली वाटली. तिच्या सेटिंगमध्ये स्टोरेज नावाचे पान आहे. तिथे प्रत्येक ड्राइव्ह किती भरला आहे, ते पट्टीवर दिसते, खाली गेम त्यांच्या आकारांसह येतात, आणि हव्या त्या गेमांवर खूण करून ते एकदम काढता येतात किंवा दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतात. हलवण्याची ही सोय फार कमी लोक वापरतात, असे माझे निरीक्षण आहे. घरात जुनी बाहेरची हार्ड डिस्क पडून असेल, तर गेम तिच्यावर हलवून ठेवावा. खेळायचा झाला की परत आणावा. घरात दोन संगणक असतील, तर २०२३ पासून स्टीम एका संगणकावरचा गेम घरातल्याच नेटवर्कवरून दुसऱ्यावर उतरवू शकते, म्हणजे इंटरनेटचा वापर वाचतो. गेम काढला म्हणजे विकत घेतलेला गेम हातचा गेला, ही भीती अनेक पालकांना असते. ती अनाठायी आहे. गेम लायब्ररीत राहतो, फक्त या संगणकावरच्या त्याच्या फाइली जातात. खेळातली प्रगती मात्र स्टीम क्लाउडवर आहे की नाही, हे प्रत्येक गेमगणिक पाहावे लागते, कारण ती सोय सगळ्याच गेमांना नाही.

विंडोजच्या सेटिंगमध्येही बसवलेल्या सॉफ्टवेअरची आकारानुसार यादी मिळते, पण तिच्यावर मी विसंबत नाही. तिथला आकडा पुष्कळदा गेम बसवताना नोंदवला गेलेला असतो. नंतरच्या अपडेटांनी गेम कितीही फुगला, तरी नोंद जुनीच राहू शकते, आणि काही नोंदींसमोर तर आकडाच नसतो.

विझट्रीच्या आधी अनेक वर्षे विनडिरस्टॅट हे साधन लोकप्रिय होते, आणि त्याचा मुक्त स्रोत असण्याचा गुण मी मानते. माझ्याकडे त्याच्या जुन्या आवृत्तीला हेच काम करायला काही मिनिटे लागत. अलीकडच्या आवृत्त्या पुष्कळ सुधारल्या आहेत. नकाशा दोघांचाही चांगला आहे. विझट्रीमध्ये मला विशेष उपयोगी पडली ती दुसऱ्या टॅबवरची सर्वांत मोठ्या १००० फाइलींची सरळ यादी. इम्युलेटरची फाइल मी नकाशात पाहिली खरी, पण नकाशा वाचायची सवय नसलेल्याने आधी ही यादी उघडावी. देवनागरी नावांच्या फाइली आणि फोल्डर, जे माझ्या ड्राइव्हवर शेकड्यांनी आहेत, ते सगळे नीट वाचता येतात. रचना मात्र दाटीवाटीची आहे. चिन्हे लहान, आकड्यांचे स्तंभ अनेक, आणि आकार व व्यापलेली जागा हे दोन स्तंभ शेजारीशेजारी असल्यामुळे नवख्याचा गोंधळ होतो. पाहायचा तो व्यापलेल्या जागेचा स्तंभ, कारण पुसल्यावर सुटते ती तेवढीच.

जागेचा हा प्रश्न गेमनिर्मात्यांनीही मनावर घेतला पाहिजे, असे मला कळकळीने वाटते. २००३ साली संगणकावर आलेल्या जीटीए व्हाइस सिटीला ९१५ एमबी जागा पुरत असे. २०१९ साली संगणकावर आलेल्या रेड डेड रिडेम्प्शन २ ला आणि २०२३ सालच्या बाल्डर्स गेट ३ ला १५० जीबी लागतात, म्हणजे दीडशे पटींहून अधिक. त्यातली सगळी वाढ कलेची नसते. २०१४ साली आलेला टायटनफॉल ४८ जीबीचा होता, आणि त्यातले ३५ जीबी नुसत्या ध्वनीचे होते. कमी ताकदीच्या संगणकांवर ध्वनी उलगडण्याचा भार पडू नये, म्हणून तो न आवळताच दिला होता. हेलडायव्हर्स २ ची संगणकावरची आवृत्ती १५० जीबींच्या घरात गेली होती, कारण फिरत्या हार्ड डिस्कवर लवकर वाचता यावी म्हणून तीच माहिती अनेकदा साठवली होती. २०२५ च्या अखेरीस निर्मात्यांनी ही पुनरावृत्ती काढली आणि गेम सुमारे २३ जीबींवर आला. खेळणाऱ्याचा एकही प्रसंग त्यात कमी झाला नाही. ज्या घरात ५१२ जीबीच्या एकाच ड्राइव्हवर सगळे कुटुंब काम करते, त्या घराला सव्वाशेहून अधिक जीबी परत मिळणे म्हणजे काय, हे मला अनुभवाने कळते.

काढलेला गेम पुन्हा उतरवण्याची किंमतही आपल्याकडे सर्वत्र सारखी नाही. १०० एमबीपीएसच्या फायबर जोडणीवर १५० जीबीचा गेम उतरायला सगळे सुरळीत असेल तर ३ तास २० मिनिटे लागतात. माझ्या माहेरी मोबाइलच्या रोजच्या २ जीबीवर घर चालते. तिथे त्याच गेमला ७५ दिवसांचा डेटा लागेल. त्यामुळे शहरातल्या मुलाला ‘काढ, परत उतरव’ हे सांगणे सोपे आहे, पण गावाकडच्या मुलाने गेम काढण्यापेक्षा बाहेरच्या डिस्कवर हलवणेच शहाणपणाचे ठरते. मे महिन्यात भाच्याच्या संगणकावर विझट्री चालवले, तेव्हा आम्ही एकही गेम काढला नाही. नुसत्या जुन्या सेटअप फाइली आणि चित्रफिती काढून त्याला ४६ जीबी मिळाले.

आमच्या लॅपटॉपवर आज ३०० जीबीच्या वर जागा मोकळी आहे. महिन्याच्या पहिल्या रविवारी मुलगा आणि मी शेजारी बसून विझट्री उघडतो. चौकोन तो ओळखतो, पुसायचे की नाही हे दोघे मिळून ठरवतो. त्या रात्री काढलेल्या तीनांपैकी एकच गेम त्याने परत आणला आहे. राजगडाची एक प्रत बाहेरच्या हार्ड डिस्कवर आणि एक पेन ड्राइव्हवर घेतल्यानंतर त्याने माइनक्राफ्ट पुन्हा बसवला. जुन्या आवृत्तीतले जग नव्या आवृत्तीत उघडताना गेमने आधी प्रत ठेवण्याविषयी विचारले, आणि त्याने तिथेही एक प्रत ठेवून घेतली. संजीवनी माचीचा तट अर्धाच राहिला आहे, असे त्याने मला दाखवले. सध्या रविवारी दुपारी तो ते काम पुढे नेतो आहे.